‘ड्रायसेनिड’ म्हणजे नेमका कोणता शिंपला?

गोंदिया जिल्हा हा तलावांचा जिल्हा म्हणून ओळखला जातो. तिरोडा तालुक्यातील चोरखमारा, बोदलकसा यांसारखे मोठे तलाव, गावोगावचे माजी मालगुजारी तलाव आणि शेतातील बोड्या यांच्या पाण्यावर येथील धानाची शेती उभी आहे. याच पाण्यावर ढीवर बांधवांची मासेमारी चालते. उन्हाळ्यात तलावाचे पाणी उतरले की काठच्या गाळात काळपट-तपकिरी शिंपले उघडे पडतात. येथील माणसाला ते लहानपणापासून परिचित आहेत.

अलीकडे मात्र परदेशी शिंपल्यांमुळे शहराचे पाणी बंद पडले, वीजकेंद्राचे नळ तुंबले, अशा बातम्या वाचनात येतात. त्यांत ‘ड्रायसेनिड’ हा शब्द हमखास असतो. बातमी वाचणाऱ्याला साहजिकच प्रश्न पडतो की, आपल्या तलावातील शिंपला हाच तो उपद्रवी प्राणी आहे काय? शब्दाचा अर्थ नीट समजला नाही, तर दोन प्रकारे नुकसान संभवते. एक म्हणजे आपला उपयोगी देशी शिंपला परका समजून मारला जाईल. दुसरे म्हणजे खरा परका शिंपला एखाद्या दिवशी आलाच, तर तो नेहमीचाच समजून दुर्लक्षिला जाईल. म्हणून या शब्दाचा अर्थ आणि त्याचा योग्य वापर येथे समजावून घेऊ.

शब्द कसा तयार झाला?

प्राणी आणि वनस्पती यांचे वर्गीकरण करताना जवळच्या जातींचा एक वंश आणि जवळच्या वंशांचे एक कुल मानले जाते. ‘ड्रायसेनिड’ हे कुलावरून पडलेले नाव आहे. ड्रायसेनिडी या कुलातील कोणताही शिंपला म्हणजे ड्रायसेनिड शिंपला. रोहू, कटला आणि मृगळ हे तीन वेगळे मासे असले तरी तिन्ही सायप्रिनिडी कुलातील असल्याने त्यांना सायप्रिनिड म्हणतात, तसाच हा प्रकार आहे.

या कुलातील सर्वांत प्रसिद्ध जातीचे वर्णन निसर्गशास्त्रज्ञ पीटर सायमन पल्लास यांनी १७७१ साली केले. ते रशियात प्रवास करीत असताना कॅस्पियन समुद्राच्या परिसरात त्यांना हा लहान, पट्टेदार शिंपला आढळला. त्याचा आकार समुद्रातील शिंपल्यासारखा दिसल्याने त्यांनी त्याला समुद्री शिंपल्यांच्या ‘मायटिलस’ वंशात घातले. पुढे १८३५ मध्ये बेल्जियमचे प्राणिशास्त्रज्ञ व्हान बेनेडेन यांनी त्याच्यासाठी ‘ड्रायसेना’ हा स्वतंत्र वंश स्थापन केला. त्यांना या प्राण्याचे नमुने पुरविणाऱ्या ड्रायसेन्स नावाच्या औषधविक्रेत्याच्या सन्मानार्थ हे नाव देण्यात आले. म्हणजे ‘ड्रायसेनिड’ या शब्दात प्राण्याच्या गुणाचा अथवा दोषाचा काहीही उल्लेख नाही. मुळात ते एका माणसाचे आडनाव आहे.

कुलाचे नाव म्हणजे उपद्रवाचा शिक्का नव्हे

येथेच बहुतेकांची गफलत होते. ‘ड्रायसेनिड’ म्हणजे ‘आक्रमक परदेशी शिंपला’ असा अर्थ केला जातो, तो बरोबर नाही. शेतीतील उदाहरण घेऊ. तलावाच्या पाळीवर माजणारी बेशरम आणि आपण आवडीने खातो ते रताळे ही दोन्ही एकाच कुलातील, इतकेच नव्हे तर ‘आयपोमिया’ या एकाच वंशातील झाडे आहेत. गाजरगवत आणि सूर्यफूल यांचेही कुल एकच आहे. बेशरम आणि गाजरगवत बाहेरून येऊन माजले, म्हणून रताळे आणि सूर्यफूल यांना कोणी तण म्हणत नाही.

ड्रायसेनिड कुलाचेही तसेच आहे. झेब्रा शिंपला (ड्रायसेना पॉलिमॉर्फा) आणि क्वाग्गा शिंपला (ड्रायसेना बुगेन्सिस) हे दोन जगभर बदनाम झाले. पण याच कुलातील ‘काँजेरिया’ वंशाचे शिंपले युरोपात बाल्कन भागातील भूमिगत गुहांच्या पाण्यात राहतात. ते अतिशय दुर्मिळ असून त्यांचे रक्षण करावे लागते. एकाच कुलातील एक जाती आटोक्यात आणण्यासाठी खर्च होतो, तर दुसरी जगविण्यासाठी. परके आणि उपद्रवी ठरणे हे त्या त्या जातीवर आणि ती कोठे पोहोचली यावर अवलंबून असते.

उलट बाजूही लक्षात ठेवावी. गोड्या पाण्यात उपद्रव करणारा प्रत्येक शिंपला ड्रायसेनिड नसतो. ‘सोनेरी शिंपला’ (लिम्नोपर्ना फॉर्च्युनाय) मूळचा चीन व आग्नेय आशियाकडील. तो १९९१ साली दक्षिण अमेरिकेत अर्जेंटिनाच्या किनाऱ्यावर आढळला आणि पुढे ब्राझील-पॅराग्वे सीमेवरील इताइपू धरणापर्यंत पोहोचला. ऑक्टोबर २०२४ मध्ये तो अमेरिकेत कॅलिफोर्नियातही सापडला. त्याचे वागणे झेब्रा शिंपल्यासारखेच आहे, परंतु त्याचे कुल मायटिलिडी आहे. कोकणात खाल्ले जाणारे शिनाणेही त्याच कुलातील.

शब्द कोठे वापरावा, कोठे वापरू नये?

१) झेब्रा आणि क्वाग्गा या दोघांविषयी एकत्र बोलायचे असेल तेव्हा ‘ड्रायसेनिड शिंपले’ म्हणणे सोयीचे असते. अमेरिकेत हा शब्द मुख्यतः याच अर्थाने वापरला जातो. दोघांची अळी सूक्ष्मदर्शकाखाली वेगळी ओळखणे कठीण असल्याने पाण्याच्या नमुन्यात ती आढळल्यास ‘ड्रायसेनिड अळी’ अशी नोंद करणे योग्य ठरते.

२) जाती नक्की माहीत असेल तर जातीचेच नाव लिहावे. ‘झेब्रा शिंपला आढळला’ हे ‘ड्रायसेनिड आढळला’ यापेक्षा अधिक नेमके आहे.

३) सोनेरी शिंपल्यासह सर्व उपद्रवी शिंपल्यांविषयी बोलायचे असेल तर ‘आक्रमक परके शिंपले’ असे म्हणावे. तेथे ‘ड्रायसेनिड’ शब्द चुकीचा ठरतो.

४) आपल्या तलावातील नेहमीच्या शिंपल्यांना हा शब्द कधीही लावू नये. त्यांचे कुल युनिओनिडी असून त्यांना ‘युनिओनिड’ म्हणतात.

हे शिंपले उपद्रवी का ठरतात?

झेब्रा व क्वाग्गा शिंपल्यांच्या स्वभावात दोन गोष्टी आहेत. पहिली म्हणजे त्यांची अळी पाण्यात मोकळी तरंगते. एक मादी वर्षाला लाखो अंडी देऊ शकते. अंड्यातून निघालेली अळी डोळ्यांना न दिसण्याइतकी बारीक असून काही आठवडे पाण्याबरोबर वाहत जाते. दुसरी गोष्ट म्हणजे मोठा झालेला शिंपला अंगातून चिवट धागे काढून दगड, लोखंड, सिमेंट, लाकूड अशा कोणत्याही टणक वस्तूला चिकटतो. एकावर एक थर बसत जातात. अळी नळातून आत शिरते आणि आतच चिकटून वाढते, म्हणून बाहेरची जाळी तिला अडवू शकत नाही.

उत्तर अमेरिकेतील मोठ्या सरोवरांत झेब्रा शिंपला जहाजांच्या तोल-पाण्यातून आला आणि १९८८ मध्ये तो लक्षात आला. पुढच्याच वर्षी, १९८९ मध्ये, मिशिगन राज्यातील मन्रो शहराचा पाणीपुरवठा या शिंपल्यांमुळे बंद पडला. तेथील देशी शिंपल्यांचे नुकसान तर त्याहून मोठे झाले. परके शिंपले देशी शिंपल्यांच्या पाठीवरच चिकटले आणि त्यांचे अन्न तोडले. सेंट क्लेअर सरोवरातून देशी शिंपले जवळजवळ नाहीसे झाले.

अशी वसाहत आपल्याकडे झाली तर तिचा पहिला फटका कोठे बसेल, हे शेतकऱ्याला सांगावे लागणार नाही. पंपाचा फूट व्हॉल्व्ह, उपसा सिंचनाची पाईपलाईन, तलावाचे दार आणि ठिबक संचाचा फिल्टर ही तिची ठिकाणे ठरतील.

भारतात काय स्थिती आहे?

झेब्रा अथवा क्वाग्गा शिंपल्याने भारताच्या गोड्या पाण्यात वस्ती केल्याची नोंद नाही. मात्र ड्रायसेनिड कुलातील एक परका शिंपला आपल्या बंदरांत फार पूर्वीच पोहोचला आहे. त्याचे नाव मायटिलॉप्सिस सॅली. मध्य अमेरिकेच्या अटलांटिक किनाऱ्याकडील हा प्राणी १९६७ साली विशाखापट्टणम बंदरात आढळला आणि १९७०च्या दशकात मुंबई बंदरातूनही त्याची नोंद झाली. म्हणजे ‘महाराष्ट्रात ड्रायसेनिड आहे काय?’ या प्रश्नाचे उत्तर ‘होय, मुंबईच्या बंदरात’ असे द्यावे लागते. हाच शिंपला १९९९ मध्ये ऑस्ट्रेलियातील डार्विन बंदरात सापडला, तेव्हा तेथील शासनाने बाधित गोद्या बंद करून त्यांत क्लोरीन व तांब्याचे क्षार टाकले आणि काही आठवड्यांत त्याचा नायनाट केला. वसाहत लहान असताना लक्षात आली, म्हणूनच ते साधले.

मायटिलॉप्सिस हा खाडीच्या निमखाऱ्या पाण्याचा शिंपला आहे. तो मुंबईहून चोरखमाऱ्याच्या गोड्या पाण्यात येऊन पसरेल, अशी भीती बाळगण्याचे कारण नाही. झेब्रा शिंपला थंड प्रदेशातील असून ३० अंश सेल्सिअसच्या वरचे पाणी त्याला दीर्घकाळ मानवत नाही. विदर्भातील उन्हाळा हे येथे एक प्रकारचे संरक्षणच आहे. सोनेरी शिंपला मात्र यापेक्षा गरम पाणी सोसतो. त्यामुळे आपल्या दृष्टीने त्याच्याकडे अधिक लक्ष ठेवणे शहाणपणाचे होईल, आणि तो ड्रायसेनिड नाही हेही येथे विसरू नये.

आपल्या तलावातील शिंपला कोणता?

पूर्व विदर्भातील तलावांत व बोड्यांत आढळणारे मोठे शिंपले प्रामुख्याने लॅमेलिडेन्स आणि पॅरेशिया या वंशांतील आहेत. त्यांची अळी मोकळी फिरत नाही. ती काही काळ माशाच्या कल्ल्यांना अथवा परांना चिकटून राहते आणि नंतर गळून तळाच्या गाळात स्थिरावते. म्हणजे मासा नसेल तर हा शिंपलाही वाढत नाही. तो पाणी गाळून त्यातील सूक्ष्म कण खातो आणि तलावाचे पाणी निवळ ठेवण्यास हातभार लावतो. लॅमेलिडेन्स मार्जिनॅलिस या जातीत गोड्या पाण्यातील मोती तयार करण्याचे तंत्र भुवनेश्वर येथील केंद्रीय गोड्या पाण्यातील मत्स्यपालन संशोधन संस्थेने विकसित केले आहे. असा प्राणी परका समजून नष्ट करणे म्हणजे हातचे धन फेकून देणे होय.

ओळखण्याच्या खुणा

१) जागा : देशी शिंपला गाळात अर्धा रुतून राहतो आणि हाताने सहज उचलता येतो. ड्रायसेनिड टणक वस्तूला धाग्यांनी घट्ट चिकटलेला असतो व सहसा घोळक्याने आढळतो.

२) आकार : पूर्ण वाढलेला लॅमेलिडेन्स बोटभर लांब, लांबट-अंडाकृती असतो. झेब्रा व क्वाग्गा सहसा दोन ते तीन सेंटिमीटरचे, एका टोकाला निमुळते व त्रिकोणी दिसतात. लहान देशी शिंपलेही असतात, म्हणून केवळ आकारावरून निष्कर्ष काढू नये.

३) रंग : झेब्रा शिंपल्यावर बहुधा गडद व फिकट पट्टे असतात. पण ‘पॉलिमॉर्फा’ म्हणजेच बहुरूपी. काही शिंपल्यांवर पट्टे नसतातही.

४) बसण : झेब्रा शिंपल्याची खालची बाजू सपाट असल्याने तो टेबलावर उभा बसतो. क्वाग्गा कलंडतो.

५) आतील बाजू : देशी शिंपल्याच्या आत मोत्यासारखी चकाकी असते. ड्रायसेनिडच्या आत तशी चकाकी नसते. शिवाय निमुळत्या टोकाशी आतून एक लहानसा पडदा, छोट्या फळीसारखा, दिसतो. ही या कुलाची सर्वांत भरवशाची खूण आहे. सोनेरी शिंपल्यात असा पडदा नसतो.

मच्छीमार व शेतकरी बांधवांनी घ्यावयाची काळजी

१) एका तलावात वापरलेली जाळी, डोंगा व पंपाचे पाईप दुसऱ्या तलावात नेण्यापूर्वी स्वच्छ धुऊन कडक उन्हात काही दिवस पूर्ण वाळवावेत.

२) मत्स्यबीज खात्रीच्या केंद्रातूनच आणावे. पिशवीतील पाणी तलावात न ओतता बीज जाळीने वेगळे करून सोडावे आणि ते पाणी तलावापासून दूर कोरड्या जमिनीवर टाकावे.

३) घरातील काचपेटीतील पाणी, वनस्पती अथवा प्राणी तलाव, नाला किंवा विहिरीत टाकू नयेत. मार्च २०२१ मध्ये अमेरिकेत काचपेटीसाठी विकल्या जाणाऱ्या शेवाळाच्या गोळ्यांत जिवंत झेब्रा शिंपले आढळले होते.

४) मोत्यांच्या शेतीसाठी दूरच्या प्रांतातून शिंपले आणण्याऐवजी स्थानिक शिंपल्यांचा वापर करावा.

५) पंपाच्या जाळीला, तलावाच्या दाराला किंवा दगडी पिचिंगला घट्ट चिकटलेले लहान शिंपले दिसल्यास ते खरवडून पाण्यात टाकू नयेत. दोन्ही शिंपा असलेले काही नमुने स्पिरिटमध्ये ठेवून, जागा व तारीख लिहून, जिल्ह्याच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात अथवा नागपूर येथील मत्स्यविज्ञान महाविद्यालयात दाखवावेत.

६) स्वतःच्या अंदाजाने तलावात मोरचूद, ब्लिचिंग पावडर किंवा कीटकनाशक कदापि टाकू नये. त्याने मासे व देशी शिंपले आधी मरतात आणि तेच पाणी धानाच्या बांधीत जाते. डार्विन येथे रसायन वापरले ते बंद करता येण्याजोग्या गोद्यांत, तज्ज्ञांच्या देखरेखीखाली. सिंचनाच्या तलावाची गोष्ट वेगळी आहे.

थोडक्यात, ‘ड्रायसेनिड’ हा शब्द ऐकला की प्रथम जाती कोणती ते विचारावे, मग ती कोठली व येथे कशी आली ते पाहावे. हाती आलेला शिंपला गाळातला की चिकटलेला, हे तपासून तो उघडून आतील चकाकी व टोकाचा पडदा पाहावा. एवढी सवय लावून घेतली तर चोरखमाऱ्याच्या काठावर उन्हाळ्यात उघडा पडणारा आपला शिंपला सुखरूप राहील, आणि परका आलाच तर तो वेळीच नजरेस पडेल.