एका भूमिकेचे दोन पुरस्कार

मागच्या व्याख्यानानंतर एका श्रोत्यांनी विचारलं होतं, की सहानुभूतीपोटी दिलेला पुरस्कार हा सन्मान असतो की अपमान? या प्रश्नाची चर्चा हवेत करण्यापेक्षा प्रत्यक्ष घडलेला एक प्रसंग आपण समोर ठेवू.

१३ मार्च १९४७. लॉस एंजेलिसचं श्राइन ऑडिटोरियम, एकोणिसावा ऑस्कर सोहळा. महायुद्ध संपून दोन वर्षंही झालेली नाहीत. त्या रात्री गाजला तो 'द बेस्ट इयर्स ऑफ अवर लाइव्ह्ज'. युद्धावरून घरी परतलेल्या तिघांची ही गोष्ट. सर्वोत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शनासाठी विल्यम वायलर, अभिनयासाठी फ्रेडरिक मार्च, असे सात पुरस्कार त्याने मिळवले. आपल्याला बोलायचं आहे ते त्यातल्या हॅरॉल्ड रसेलविषयी.

हा माणूस नट नव्हता. युद्धाआधी तो दुकानात काम करायचा, मग सैन्यात गेला. ६ जून १९४४, म्हणजे नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर दोस्तांच्या फौजा उतरल्या तोच दिवस. रसेल मात्र अमेरिकेतच, नॉर्थ कॅरोलिनातल्या प्रशिक्षण तळावर होता. तिथे हातातल्या स्फोटकाचा स्फोट झाला आणि त्याचे दोन्ही हात गेले. त्यांच्या जागी पोलादी आकडे आले. जखमी सैनिकांसाठी सैन्याने काढलेल्या एका माहितीपटात वायलरने त्याला पाहिलं, आणि मूळ कादंबरीतलं पात्रच बदलून घेतलं. तिथे मेंदूला इजा झालेला खलाशी होता. चित्रपटात हात गमावलेला होमर आला. निर्माते गोल्डविन यांनी रसेलला अभिनयाच्या शिकवणीला धाडलं, तर वायलर रागावला. त्याला शिकवलेला नट नकोच होता.

आता खरी गंमत ऐका. रसेलला सहायक अभिनेत्याचं नामांकन मिळालं. समोर क्लॉड रेन्स, चार्ल्स कोबर्न, क्लिफ्टन वेब, विल्यम डेमारेस्ट, सगळे मुरलेले. अकादमीच्या नियामक मंडळाला वाटलं, हा काही जिंकत नाही. पण रिकाम्या हाती पाठवणंही बरं दिसत नाही. म्हणून आपल्या सैनिक बांधवांना आशा आणि धीर दिल्याबद्दल त्याला एक विशेष पुरस्कार ठरवला. आणि मतपत्रिका उघडल्या, तर स्पर्धेतला पुरस्कारही त्यालाच! एकाच भूमिकेसाठी दोन ऑस्कर मिळालेला हा एकमेव माणूस.

आपल्या भाषेत यासाठी वेगवेगळे शब्द आहेत, ते उगीच नाहीत. 'बक्षीस' फारसीतून आलं. त्यात देणाऱ्याची उदारता आहे. 'पारितोषिक' परितोषातून, म्हणजे देणाऱ्याच्या समाधानातून येतं. 'पुरस्कार' म्हणजे पुढे करणं, चारचौघांत पुढे आणून उभं करणं. ॲरिस्टॉटल म्हणतो, मान हा घेणाऱ्यापेक्षा देणाऱ्यावर जास्त अवलंबून असतो. मंडळाचा पुरस्कार कृतज्ञतेचा होता, मतदारांचा निर्णय गुणांचा होता. निदान असं आपण समजतो.

कारण इथे शंका येतेच. मतदारांनाही गहिवरून आलं नसेल कशावरून? आणि जो स्वतःसारखाच दिसला, त्याने अभिनय कसला केला? याला उत्तर म्हणून एक प्रसंग आठवा. रात्री होमर विल्माला आपल्या खोलीत नेतो. आकडे काढले की आपण किती परावलंबी होतो, दारही उघडता येत नाही, हे तिला दाखवतो. ती शांतपणे त्याच्या सदऱ्याची बटणं लावते. स्वतःचं दुःख स्वतःजवळ असणं वेगळं, आणि ते कॅमेऱ्यासमोर, मापात, दुसऱ्या कुणाच्या नावाने मांडणं वेगळं. दुसरी गोष्ट ही कला आहे.

आम्ही नोकरीत असताना एका निवड समितीवर होतो. एका अंध विद्यार्थ्याला 'विशेष उत्तेजनार्थ' द्यायचं, असं निबंध वाचायच्या आधीच ठरलं. आम्हीही मान डोलावली. नंतर वाचला, तर तो पहिल्या क्रमांकाचा निबंध होता. पण यादी गेलेली होती, आणि आम्ही ती परत मागवली नाही. हे आजही टोचतं. चूक विशेष बक्षीस देण्यात नव्हती. ते देऊन झाल्यावर वाचायची गरजच उरली नाही, ही चूक होती. अकादमीच्या मतदारांनी निदान रसेलचं काम पाहिलं.

इथेच थांबलो असतो, तर निष्कर्ष सोपा होता: गुणांचा पुरस्कार खरा, सहानुभूतीचा दुय्यम. पण पुढचं ऐका. १९९२ मध्ये, पत्नीच्या औषधोपचारासाठी पैसे हवेत म्हणून रसेलने एक ऑस्कर लिलावात काढला. साठ हजार पाचशे डॉलर आले. त्याने विकला तो अभिनयाचा. सैनिक बांधवांच्या नावाने मिळालेला त्याने शेवटपर्यंत ठेवला.

का, ते तो जाणे. आम्हाला एवढंच वाटतं, की अभिनयाचा पुरस्कार त्याच्या एकट्याचा होता, म्हणून तो विकायचा हक्कही त्याचा. दुसऱ्यात इतरांचा वाटा होता. पुढे कित्येक वर्षं तो अपंगांना रोजगार मिळावा म्हणून काम करत राहिला, म्हणजे त्या पुरस्कारात जे म्हटलं होतं, ते तो करतच राहिला.

तेव्हा मूळ प्रश्नाचं आमचं उत्तर असं: सहानुभूती अपमान करत नाही, पाहायचं टाळण्यासाठी तिचा वापर झाला, तर तो अपमान. तुम्हाला काय वाटतं, ते जरूर कळवा.