देहाचा समतोल आणि वैशाखाचें ऊन

वैशाख लागला कीं छत्रपती संभाजीनगरांत, म्हणजे पूर्वीच्या औरंगाबादेंत, दुपारचा पारा ४० अंशांच्या आसपास खेळूं लागतो. गुलमंडीच्या बाजारांतून अशा वेळीं चालणाऱ्या माणसाच्या भोंवतालची हवा त्याच्या रक्ताहूनहि अधिक तापलेली असते. दुकानाची लोखंडी कडी हाताला चटका देते. पण त्याच माणसाच्या जिभेखालीं थर्मामीटर ठेवला, तर तो पौषांतल्याप्रमाणेंच ३७ अंशांच्या जवळपासचा आंकडा दाखवील. लोखंड तापतें आणि माणूस तापत नाहीं, हें कसें?

ह्याचें उत्तर मेंदूच्या तळाशीं असलेल्या, बदामाएवढ्या एका भागांत आहे. त्यास हायपोथॅलॅमस म्हणतात. तेथें येणाऱ्या रक्ताची ऊब हा भाग सतत पारखीत असतो. त्वचेंतील ज्ञानतंतूहि त्याला बाहेरची वार्ता कळवितात. रक्त किंचित् अधिक तापलें कीं त्याचे दोन हुकूम सुटतात. त्वचेखालील रक्तवाहिन्या रुंदावून आंतली उष्णता पृष्ठभागाकडे आणतात, आणि घर्मग्रंथि पाझरूं लागतात. घाम वाळतांना अंगांतील उष्णता घेऊन जातो; रक्त निवतें; आणि निवलेलें रक्त मेंदूकडे परत येतांच घामाचा हुकूम मागें घेतला जातो. कार्याची वार्ता कारणाकडे परत जाऊन कारणालाच आवर घालते, अशा ह्या रचनेस शास्त्रज्ञ प्रत्याभरण म्हणतात. रक्तांतील साखर, क्षार, पाणी आणि रक्ताचा दाब ह्यांची राखणहि अशाच फेऱ्यांनीं होते. वॉल्टर कॅनन ह्या अमेरिकन शास्त्रज्ञानें १९२६ सालीं ह्या समतोलास 'होमिओस्टॅसिस' असें नांव दिलें. हा समतोल दगडासारखा अचल नसतो. डोंबाऱ्याच्या दोरावरील तोलाप्रमाणें तो क्षणोक्षणीं ढळतो आणि क्षणोक्षणीं सांवरला जातो.

ह्या रचनेचें सामर्थ्य मोठें आहे. चार्लस ब्लॅग्डन नांवाच्या इंग्रज वैद्यानें पाण्याच्या उकळीहून अधिक तापविलेल्या कोरड्या खोलींत कांहीं मिनिटें काढलीं, आणि १७७५ सालीं तो वृत्तांत प्रसिद्ध केला. खोलींत ठेवलेलीं अंडीं कडक भाजून निघालीं. ब्लॅग्डनच्या देहाची उष्णता मात्र फारशी वाढली नाहीं.

ह्याच्या उलट दुसरी घटना आपल्याच महाराष्ट्रांतली आहे. १६ एप्रिल २०२३ रोजीं नवी मुंबईंतील खारघर येथें उघड्या मैदानावर एक मोठा समारंभ झाला. तेथें उन्हाचा त्रास होऊन १४ जण दगावले. हवा ब्लॅग्डनच्या खोलीच्या मानानें कितीतरी सौम्य. पण माणसें कित्येक तास उन्हांत, दाटीनें बसलेलीं, आणि हवा समुद्रकांठची दमट. घाम येण्यानें अंग निवत नाहीं, तो वाळल्यानें निवतें. एक लिटर घाम वाळतांना जेवढी उष्णता नेतो, तेवढींत बर्फाइतकें गार असें पांच लिटरांहून अधिक पाणी उकळीस येईल. तोच घाम नुसता ठिबकून गेला, तर त्याचा कांहींच उपयोग नाहीं. मराठवाड्यांतल्या माठाचें पाणी कोंकणांतल्या माठापेक्षां अधिक गार होतें, त्याचें कारण हेंच. खिडक्या बंद करून कूलर लावणाऱ्या घरांतहि थोड्या वेळानें हीच अडचण होते: खोली दमट होते आणि घाम वाळेनासा होतो.

शिवाय घामाला पाणी लागतें, आणि तें रक्तांतूनच येतें. पाणी घटलें कीं मूत्रपिंडें तें राखूं लागतात, तहान लागते. हीहि एक फेरीच. पण पाणी मिळालें नाहीं, तर रक्त कमी पडून त्वचेकडील पुरवठा आखडतो आणि देह तापूं लागतो. देह तापला म्हणजे आंतील रासायनिक क्रिया वेग घेतात, त्यांतून आणखी उष्णता निर्माण होते. जी फेरी सांवरीत होती, तिची जागा आतां ढकलणारी फेरी घेते. हाच उष्माघात.

येथें घरोघर एक चूक होते. अंग तापलेलें पाहून तापाची गोळी दिली जाते. वास्तविक ताप आणि उष्माघात ह्यांत मोठा भेद आहे. तापांत मेंदूनें आपली खूणच ३७ वरून ३९ अंशांवर नेलेली असते. म्हणूनच अंग गरम असतांहि रोगी कुडकुडतो व पांघरूण मागतो. गोळी ती खूण खालीं आणते. उष्माघातांत खूण जागेवरच असते. कोलमडते ती निवविण्याची यंत्रणा. तेथें गोळी काय करणार? माणूस असंबद्ध बोलूं लागला किंवा बेशुद्ध झाला, तर त्याला सावलींत घेऊन, अंगावर पाणी ओतून जोरानें वारा घालावा; शुद्ध नसल्यास तोंडांत पाणी घालूं नये; आणि १०८ क्रमांकावर गाडी बोलावून तांतडीनें रुग्णालय गांठावें.

वय वाढलें कीं तहानेची जाणीव मंदावते, घामहि कमी येतो. आजोबांनीं पाणी मागितलें नाहीं, म्हणजे त्यांना तें नको आहे असें नव्हे. निरोप पोंचविणारा दूतच थकलेला असतो. देहाची ही फेरी जेथें अपुरी पडते, तेथें ती घरांतल्या माणसांनीं पुरी करावी. वैशाखांतल्या दुपारीं तासा-दोन तासांनीं न विचारतां पुढें केलेला पाण्याचा पेला, हें त्या थकलेल्या दूताचेंच काम होय.