गेम एक, खेळणारे सहा: डिजिटल गेम वाटून खेळण्याबद्दलचे गैरसमज

‘स्टीम’ या ऑनलाइन दुकानातून पैसे भरून घेतलेला गेम दुसऱ्या कुणाला खेळायला द्यायचा विषय निघाला, की दोन टोकांची मतं ऐकू येतात. एक म्हणतं, पैसे माझे, गेम माझा, पासवर्ड सांगितला की झालं काम. दुसरं म्हणतं, डिजिटल गेम कुणाला देताच येत नाही, घरात दोन मुलं असतील तर दोनदा पैसे मोजा. ही दोन्ही मतं चुकीची आहेत आणि दोन्ही एकाच ठिकाणी घसरतात. दुकानातून आणलेली सीडी जशी मित्राच्या हातात ठेवता येते किंवा कपाटात कुलूपबंद करता येते, तशीच काहीतरी वस्तू आपण विकत घेतली, असं दोघंही धरून चालतात. स्टीमवर आपण घेतो तो परवाना. स्टीम चालवणाऱ्या व्हॅल्व कंपनीच्या करारात हे पहिल्यापासून आहे. खरेदीचं बटण दाबताना ते वाचायला थांबतं कोण? ऑक्टोबर २०२४पासून मात्र पैसे भरायच्या पानावरच तशी सूचना दिसू लागली. परवान्याची स्पष्ट कल्पना दिल्याशिवाय ‘विकत घ्या’ असं म्हणायला बंदी करणारा कॅलिफोर्नियाचा कायदा १ जानेवारी २०२५ला लागू व्हायचा होता, त्याच्या तोंडावरचा हा बदल.

यावर रास्त आक्षेप असा, की पूर्ण किंमत घ्यायची आणि मालकी द्यायची नाही, ही गिऱ्हाइकाची फसवणूक झाली. हा आक्षेप कोर्टापर्यंत गेलेला आहे. युरोपीय न्यायालयाने २०१२मध्ये ओरॅकलच्या खटल्यात डाउनलोड केलेलं सॉफ्टवेअर पुढे विकायला परवानगी दिली. त्याच धाग्यावर फ्रान्समधल्या ‘यूएफसी-क श्वाझीर’ या ग्राहक संघटनेने व्हॅल्ववर दावा लावला आणि २०१९मध्ये पॅरिसच्या न्यायालयात तो जिंकलाही. पण २०२२मध्ये अपिलात निकाल फिरला आणि ऑक्टोबर २०२४मध्ये फ्रान्सच्या सर्वोच्च न्यायालयाने अपिलाचा निकाल कायम ठेवला. गेम म्हणजे नुसतं सॉफ्टवेअर नव्हे, त्यात चित्रं, संगीत, कथा असं बरंच काही असतं, त्यामुळे सॉफ्टवेअरच्या पुनर्विक्रीचा नियम त्याला लागू होत नाही, असा त्यामागचा युक्तिवाद. ग्राहकाच्या बाजूने पाहिलं तर हा निकाल मला पटत नाही. पण आज घरात गेम कसा वाटून खेळायचा हे ठरवताना नियम आहे तोच धरावा लागतो, आणि तो पुष्कळांना वाटतो तितका आवळलेला नाही.

‘देताच येत नाही’ म्हणणारे बहुधा जुनी व्यवस्था मनात धरून बसलेले असतात. तेव्हा लायब्ररी पाच खात्यांना आणि दहा कॉम्प्युटरना उघडता येई, पण एकाने एक गेम सुरू केला की इतरांना सगळी लायब्ररी बंद. थोरल्याच्या खात्यात शंभर गेम असले तरी तो खेळत असताना धाकटीला त्यातला एकही मिळत नसे. ११ सप्टेंबर २०२४ला ‘स्टीम फॅमिलीज’ सर्वांसाठी खुलं झालं आणि ही अडचण संपली. एका कुटुंबात जास्तीत जास्त सहा जण, प्रत्येकाचं स्वतःचं खातं, आणि सगळ्यांच्या वाटून घेता येणाऱ्या गेमची मिळून एक सामाईक लायब्ररी. थोरला ‘एल्डन रिंग’ खेळत असताना त्याच्याच खात्यातला ‘स्टार्ड्यू व्हॅली’ धाकटी आपल्या लॅपटॉपवर उघडू शकते. तिचं शेत, तिची कोंबडी-गुरं तिच्या खात्यात साठतात, थोरल्याच्या शेताला धक्का लागत नाही. अट एकच: एका प्रतीवर एका वेळी एकच जण. दोघांना आपापल्या कॉम्प्युटरवरून एकत्र शेती करायची असेल, तर कुटुंबात मिळून दोन प्रती हव्यात. त्या कुणाच्या नावावर आहेत याला महत्त्व नाही. एकाच पडद्यासमोर बसून खेळायचं असेल तर एका प्रतीत भागतं, कारण त्या गेममध्ये स्क्रीन विभागून खेळायची सोय आहे. मुलांची खाती ‘लहान सदस्य’ म्हणून जोडली की कोणते गेम दिसावेत, दिवसाला किती वेळ खेळावं हे आईबाबा ठरवतात. मुलाने गेम मागितला की विनंती मोठ्यांच्या फोनवर येते आणि पैसेही तेच भरतात. आईचं कार्ड मुलाच्या खात्यात भरून ठेवण्यापेक्षा हे केव्हाही बरं.

मग पासवर्डच दिला तर काय बिघडलं, कोण बघायला येतंय, असा प्रश्न उरतो. पासवर्ड देणं करारात स्पष्टपणे मना आहे. तो बाजूला ठेवला तरी हिशेब तोट्याचाच आहे. पासवर्डबरोबर वर्षानुवर्षं जमवलेली आख्खी लायब्ररी आणि खात्यातली शिल्लक दुसऱ्याच्या हातात जाते, आणि त्याने केलेल्या उद्योगाचं खापर तुमच्या नावावर फुटतं. अर्थात फॅमिलीतही जबाबदारी सुटत नाही. तुमच्या प्रतीवर खेळताना एखाद्या सदस्याने चीटिंग केलं आणि त्याच्यावर बंदी आली, तर त्या गेममध्ये ती तुमच्यावरही येते. कुणाला आत घ्यायचं याचा विचार इथूनच सुरू व्हावा.

कारण पुढचा गैरसमज असा, की फॅमिली म्हणजे कुणीही सहा जण. हॉस्टेलचे मित्र जमवा आणि वर्गणी काढून गेम घ्या. व्हॅल्व रेशनकार्ड मागत नाही, हे खरं. पण ही सोय एका घरात राहणाऱ्यांसाठी आहे असं कंपनी सांगते आणि नियमही त्या बेतानेच केलेले आहेत. मोठा सदस्य कुटुंब सोडून गेला, तर आत आल्याच्या तारखेपासून एक वर्ष होईपर्यंत त्याला दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही, आणि त्याची रिकामी जागाही तितकाच काळ अडकून राहते. सगळे सदस्य एकाच देशातले हवेत, त्यामुळे पुण्यातला भाऊ आणि न्यू जर्सीतली बहीण सख्खी असूनही एका स्टीम फॅमिलीत बसत नाहीत. मित्रांसाठी सरळ वाटा वेगळ्या आहेत. ‘रिमोट प्ले टुगेदर’मध्ये गेम फक्त यजमानाकडे असला की पुरतं. एका कॉम्प्युटरवर मिळून खेळायचा गेम इंटरनेटवरून मित्राला दिसतो आणि त्याच्या कंट्रोलरने चालतो; लिंक पाठवली तर त्याचं स्टीम खातं असायचीही गरज नाही. मात्र दोन्हीकडचं इंटरनेट दमदार हवं. ‘इट टेक्स टू’ आणि ‘स्प्लिट फिक्शन’ या दोघांनीच खेळायच्या गेमना तर ‘फ्रेंड्स पास’ आहे: एकाने विकत घ्यायचा, दुसऱ्याने फुकट उतरवून त्याच्याबरोबर खेळायचा. भेट देणार असाल तर खरेदी करतानाच तसा पर्याय निवडा, आपल्या लायब्ररीत शिरलेला गेम मागाहून भेट देता येत नाही.

‘जीओजी’ या दुसऱ्या ऑनलाइन दुकानाची गोष्ट निराळी. तिथल्या गेमना कुलूपच नसतं, फाइल उतरवून कुठल्याही कॉम्प्युटरवर चालवा. म्हणून ती मित्राच्या पेनड्राइव्हवर टाकणंही चालतं, असं समजलं जातं. घरातल्यांनी खेळायला कंपनीची हरकत नाही, पण परवाना वैयक्तिक वापराचाच आहे. आपल्याकडे १९५७च्या कॉपीराइट कायद्यात कॉम्प्युटर प्रोग्राम साहित्यकृतींत मोडतो. कायदेशीर प्रत असणाऱ्याला स्वतःसाठी बॅकअप ठेवता येतो, तो वाटायची मुभा मिळत नाही. कलम ६३ब तर बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्यालाही गुन्हेगार धरतं: सात दिवस ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड. नफ्यासाठी वापर नसेल तर न्यायालय कैद टाळून पन्नास हजारांपर्यंतच्या दंडावर सोडू शकतं. पेनड्राइव्ह घेणाऱ्या मित्रालाही हे लागू पडतं.

शेवटी एक खबरदारी. स्टीमवरचा प्रत्येक गेम वाटता येतोच असं नाही. ज्याला दुसऱ्या कंपनीचं खातं, वेगळा कोड (‘की’) किंवा वर्गणी लागते तो सामाईक लायब्ररीत येत नाही आणि गेम तयार करणाऱ्यालाही नकार देता येतो. घरातल्या सगळ्यांसाठी म्हणून गेम घेणार असाल, तर पैसे भरण्याआधी त्याच्या पानावर वैशिष्ट्यांच्या यादीत ‘फॅमिली शेअरिंग’ लिहिलंय का ते बघा. तो शब्द तिथे नसेल, तर तो गेम ज्याच्या खात्यात जाईल त्यालाच खेळता येईल.