कारखान्याविना आमदार : आर. आर. पाटील यांच्या राजकीय कारकिर्दीचा एक अभ्यास

प्रस्तावना

सातारा व सांगली या दोन जिल्ह्यांच्या विधिमंडळीय राजकारणाचा अभ्यास करताना एक बाब प्रकर्षाने जाणवते. येथील बहुतेक प्रभावी लोकप्रतिनिधींची ओळख एखाद्या संस्थेशी जोडलेली आहे. वसंतदादा पाटील म्हटले की सांगलीचा साखर कारखाना, राजारामबापू पाटील म्हटले की साखराळ्याचा, नागनाथअण्णा नायकवडी म्हटले की वाळव्याचा ‘हुतात्मा’, पाटण खोऱ्यात बाळासाहेब देसाई म्हटले की दौलतनगर आणि पतंगराव कदम म्हटले की भारती विद्यापीठ ही समीकरणे सर्वपरिचित आहेत. कारखाना म्हणजे केवळ साखर नव्हे. सभासद, कामगार, ऊसतोड, वाहतूक, उसाचे बिल, शाळा-महाविद्यालये अशा धाग्यांनी तो मतदारसंघ वर्षभर आमदाराशी बांधून ठेवतो. वर्गात हा विषय शिकवताना एका विद्यार्थ्याने सहज विचारले होते, “सर, मग आबांचा कारखाना कोणता?” प्रस्तुत लेख या प्रश्नातूनच उद्भवला आहे.

रावसाहेब रामराव तथा आर. आर. पाटील यांच्या मागे ना कारखाना होता, ना शिक्षणसंस्था. तरीही तासगावच्या मतदारांनी त्यांना १९९०, १९९५, १९९९, २००४, २००९ आणि २०१४ असे सलग सहा वेळा विधानसभेवर पाठविले. संस्थेची जागा येथे कशाने भरून काढली, याचा शोध घेणे हा या लेखाचा हेतू होय.

जडणघडण

आर. आर. पाटील यांचा जन्म १६ ऑगस्ट १९५७ रोजी तासगाव तालुक्यातील अंजनी येथे झाला. सांगली जिल्ह्याचा पश्चिम भाग कृष्णा-वारणेच्या पाण्यावर उसाने हिरवा झाला. तासगावचा पूर्व भाग मात्र पर्जन्यछायेतला. तेथे द्राक्षबागा उभ्या राहिल्या त्या टँकरच्या पाण्यावर आणि कर्जावर. उसाचे क्षेत्रच नसल्यावर कारखान्याचे राजकारण तरी कोठून रुजणार? त्यामुळे ‘कारखाना नसणे’ हा त्यांचा वैयक्तिक साधेपणाचा भाग मानला जात असला, तरी त्यामागे भूगोलही आहे, ही गोष्ट त्यांच्या गौरवपर लेखनात सहसा नोंदविली जात नाही.

घरच्या बेताच्या परिस्थितीमुळे कमवा आणि शिका या मार्गाने त्यांनी सांगलीच्या शांतिनिकेतनमध्ये शिक्षण घेतले व पुढे कायद्याची पदवी मिळविली. शांतिनिकेतनचे संस्थापक प्राचार्य पी. बी. पाटील हे पंचायत राज व्यवस्थेचे जाणकार. राज्य शासनाने १९८४ मध्ये या व्यवस्थेच्या मूल्यमापनासाठी नेमलेल्या समितीचे तेच अध्यक्ष होते. गुरू-शिष्याच्या या नात्यातून काय संक्रमित झाले हे मोजता येत नाही. शिष्याची पुढील वाटचाल पाहता त्याकडे दुर्लक्षही करता येत नाही.

१९७९ मध्ये ते सांगली जिल्हा परिषदेवर निवडून आले. त्यानंतरची जिल्हा परिषद निवडणूक राज्यात थेट १९९२ मध्ये झाली. निवडणुका लांबणीवर टाकणे हे लोकशाहीच्या दृष्टीने अशोभनीयच. या तरुण सदस्याला मात्र त्यामुळे विधानसभेत जाण्यापूर्वी अकरा वर्षे जिल्हा परिषदेचा कारभार आतून पाहावयास मिळाला. शाळाखोली, पाझर तलाव, नळपाणी योजना यांची फाईल कोणत्या टेबलावर अडते, याचे ज्ञान त्यांना मंत्रालयात जाऊन शिकावे लागले नाही.

ग्रामविकास मंत्री : निधीऐवजी स्पर्धा

१९९९ मध्ये नव्याने स्थापन झालेल्या राष्ट्रवादी काँग्रेस पक्षातर्फे ते निवडून आले आणि विलासराव देशमुख यांच्या मंत्रिमंडळात ग्रामविकास मंत्री झाले. राज्याची आर्थिक स्थिती त्या काळी बिकट होती. अशा वेळी २०००-०१ मध्ये संत गाडगेबाबा ग्राम स्वच्छता अभियान सुरू करण्यात आले. अभियानाची रचना समजून घेण्यासारखी आहे. कामासाठी शासन अनुदान देणार नव्हते. गावाने श्रमदानाने व लोकवर्गणीने स्वच्छता, शौचालये, सांडपाण्याची व्यवस्था, पाण्याची शुद्धता ही कामे करावयाची, तपासणी समितीने गुण द्यावयाचे आणि तालुका, जिल्हा, विभाग व राज्य अशा पायऱ्यांवर उत्तम गावांना बक्षिसे मिळावयाची. म्हणजेच शासनाचा खर्च बक्षिसांपुरता आणि काम मात्र हजारो गावांत. कुस्तीच्या फडाची व यात्रेतील ईर्ष्येची ओळख असलेल्या ग्रामीण मनाची ही अचूक पारख होती. अनुदान एका गावाला मिळाले की शेजारचे गाव तक्रार करते. बक्षीस मिळाले की तेच गाव पुढच्या वर्षीच्या तयारीला लागते.

अभियानास गाडगेबाबांचे नाव देण्यातही औचित्य होते. हातात खराटा घेऊन गाव झाडणारा हा संत कर्मवीर भाऊराव पाटलांमुळे सातारा जिल्ह्याशी जोडला गेला होता. कराड येथे १९५४ मध्ये सुरू झालेले रयत शिक्षण संस्थेचे महाविद्यालय त्यांच्याच नावाने चालते.

अभियानाच्या मर्यादाही होत्या. पुष्कळ गावांत तपासणीच्या तारखेपुरती स्वच्छता झाली, बांधलेल्या शौचालयांत सरपण व कडबा साठविला गेला, हे ग्रामीण भागात वावरणाऱ्या कोणासही ठाऊक आहे. तथापि हागणदारी हा ग्रामसभेत उघडपणे बोलण्याचा विषय झाला, हे अभियानाचे श्रेय नाकारता येत नाही. आमदाराचा कारखाना जे काम एका तालुक्यात करतो, ते काम म्हणजे लोकांशी सततचा संबंध, या अभियानाने त्यांच्यासाठी राज्यभर केले.

गृहमंत्रिपद : पद्धतीची कसोटी

डिसेंबर २००३ मध्ये त्यांच्याकडे गृहखाते आले व नोव्हेंबर २००४ मध्ये ते उपमुख्यमंत्रीही झाले. या खात्यातही त्यांनी गावाचाच विचार केला. १५ ऑगस्ट २००७ पासून महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली. ग्रामसभेने समिती निवडावयाची, जमिनीच्या बांधापासून भाऊबंदकीपर्यंतचे तंटे सामोपचाराने मिटवावयाचे आणि गाव पात्र ठरल्यास बक्षीस, असा तिचा आराखडा होता.

या मोहिमेचे मूळ शोधावयाचे तर सातारच्या प्रतिसरकारकडे जावे लागते. आजच्या सांगली जिल्ह्यातील बराचसा प्रदेश तेव्हा साताऱ्यातच मोडत होता; १९४९ मध्ये दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्यास सांगली हे नाव मिळाले. क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखालील प्रतिसरकारने १९४२ नंतरच्या काळात गावोगावी न्यायदान मंडळे चालविली होती. साम्य स्पष्ट आहे, पण फरक अधिक महत्त्वाचा वाटतो. प्रतिसरकारची मंडळे राजसत्तेच्या विरोधात उभी होती. तंटामुक्ती समित्या गृहखात्याच्या आदेशाने आल्या आणि त्यांच्यासमोर बक्षिसाचे आमिष होते. गावाला पुरस्कार हवा म्हणून दुर्बल पक्षावर, विशेषतः स्त्रिया व दलित यांच्यावर, तडजोडीसाठी दडपण येण्याचा धोका त्यात अंगभूत होता. स्वच्छतेत गावाचे हित एकच असते. तंट्यात तसे नसते. स्वच्छतेला लागू पडलेली पद्धत येथे जशीच्या तशी वापरली गेली, ही या मोहिमेची खरी उणीव होय.

२००५ मधील डान्सबार बंदीची कथा याहून वेगळी. या निर्णयास ग्रामीण भागात मोठा पाठिंबा लाभला. कायद्यात मात्र तारांकित हॉटेलांना सवलत ठेवली गेली. समान कृतीसाठी दोन आस्थापनांना दोन नियम कसे, या मुद्द्यावर मुंबई उच्च न्यायालयाने एप्रिल २००६ मध्ये बंदी रद्द केली आणि जुलै २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला. बारबालांच्या उपजीविकेचा प्रश्नही न्यायालयापुढे होता. कायद्याचे पदवीधर असलेल्या मंत्र्याच्या कारकिर्दीत ही त्रुटी राहावी, याचे आश्चर्य वाटते.

२६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबईवरील हल्ल्यानंतर, मोठ्या शहरांत अशा लहानसहान घटना होतच असतात, अशा आशयाचे त्यांचे हिंदीतील वाक्य देशभर गाजले. १ डिसेंबर रोजी त्यांनी राजीनामा दिला. गावसभेत समोरच्या माणसाला जिंकणारी त्यांची सहज बोलण्याची शैली महानगराच्या शोकात, दूरचित्रवाणीच्या कॅमेऱ्यांपुढे त्यांच्यावरच उलटली.

२००९ मध्ये मतदारसंघाच्या पुनर्रचनेत कवठेमहांकाळ तासगावला जोडले गेले. त्यांचा विजय कायम राहिला आणि गृहखातेही परत मिळाले. त्याच वेळी त्यांनी नक्षलग्रस्त गडचिरोलीचे पालकमंत्रिपद स्वतःहून स्वीकारले. इतरांनी टाळलेली ही जबाबदारी होती, याची नोंद करणे आवश्यक आहे.

१६ फेब्रुवारी २०१५ रोजी कर्करोगाने मुंबईत त्यांचे निधन झाले. अंत्यसंस्कार अंजनीत झाले. त्याच वर्षीच्या पोटनिवडणुकीत त्यांच्या पत्नी सुमनताई पाटील निवडून आल्या, २०१९ मध्ये पुन्हा विजयी झाल्या आणि २०२४ मध्ये पुत्र रोहित पाटील विधानसभेत गेले. संस्था नसलेल्या आमदाराचा मतदारसंघ त्याच्या पश्चात विस्कळीत होईल, अशी सर्वसाधारण अपेक्षा असते. तासगावात तसे घडलेले नाही.