१० कोटींचं कर्ज, ९८ कोटींची परतफेड: मतदारांनी नेमकं कशाला 'हो' म्हटलं होतं?

शाळांच्या बांधकामासाठी साडेदहा कोटी डॉलर उचलले, फेडायचे सुमारे ९८ कोटी. हा सौदा सावकाराशी झालेला नाही. अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या पोवे या शहराच्या स्कूल डिस्ट्रिक्टने, म्हणजे शाळा चालवणाऱ्या स्थानिक संस्थेने, २०११ मध्ये तो केला. आणि तो कायदेशीर होता.

हे कसं झालं?

बॉण्ड म्हणजे कर्जरोखा. गुंतवणूकदारांकडून आज पैसे घ्यायचे, पुढे व्याजासह परत करायचे. पुणे महापालिकेने २०१७ मध्ये पाणीपुरवठ्यासाठी २०० कोटी रुपयांचे रोखे काढले, तेव्हा पुणेकरांचं मतदान झालं नव्हतं. कॅलिफोर्नियात मात्र असं कर्ज घरमालकांवर जादा कर लावून फेडतात, म्हणून आधी लोकांना विचारावं लागतं. शाळांसाठी पूर्वी दोन तृतीयांश मतं लागायची. २००० पासून ५५ टक्के पुरतात.

ही सवलत अटींसह आली. पैसे इमारती आणि साधनसामग्रीवरच खर्च करायचे, शिक्षकांच्या पगारावर नाही. दरवर्षी ऑडिट, वर नागरिकांची देखरेख समिती. बालवाडी ते बारावी चालवणाऱ्या संस्थेला एका मतदानातून मालमत्तेच्या दर एक लाख डॉलर मूल्यामागे वर्षाला ६० डॉलरपेक्षा जास्त कर अपेक्षित धरता येत नाही. एकूण कर्जही भागातल्या करपात्र मालमत्तेच्या अडीच टक्क्यांत ठेवायचं.

कागदावर चोख बंदोबस्त!

पोवेच्या मतदारांनी २००८ मध्ये १७ कोटी ९० लाख डॉलरच्या रोख्यांना मंजुरी दिली. कराचा दर वाढणार नाही, असं आश्वासन होतं. मग मंदी आली, घरांच्या किमती पडल्या आणि त्याच दरात नव्या कर्जाचे हप्ते बसेनात. संस्थेने 'कॅपिटल अॅप्रिसिएशन बॉण्ड' काढले. यात सुरुवातीची वीसेक वर्षं काहीच भरायचं नसतं, व्याज मुद्दलात मिसळत जातं आणि त्यावर पुन्हा व्याज चढतं. परतफेड २०३३ पासून, शेवटचा हप्ता २०५१ मध्ये.

म्हणजे आश्वासन पाळलं गेलं. दर वाढला नाही, वर्षं वाढली. मला यातलं हेच सगळ्यात खटकतं.

अटी होत्या त्या मुद्दलावर आणि वर्षाच्या करावर. शेवटी एकूण किती फेडायचं, यावर कुणी मुद्दलाच्या पटीत मर्यादा घातलीच नव्हती. मुदतीचंही तसंच. शिक्षणविषयक कायद्यात २५ वर्षांची मर्यादा होती, पण दुसऱ्या एका कायद्याखाली ४० वर्षं मिळत होती. पोवेने ४० घेतली. तसं करणारी ती एकटी संस्था नव्हती.

२०१२ मध्ये 'व्हॉइस ऑफ सॅन डिएगो' या वृत्तसंस्थेने हे आकडे मांडले आणि राज्यभर संताप उसळला. पुढच्याच वर्षी 'एबी १८२' कायदा झाला. आता अशा रोख्यांची मुदत कमाल २५ वर्षं असते आणि एकूण परतफेड मुद्दलाच्या चौपटीपेक्षा जास्त ठेवता येत नाही. मुदत दहा वर्षांहून जास्त असेल, तर कर्ज मुदतीआधी फेडण्याची सोय असलीच पाहिजे. मतदारांनी कितीही भरभरून 'हो' म्हटलं, तरी या मर्यादा ओलांडता येत नाहीत.

हा कायदा २०१४ पासून लागू झाला, तोही फक्त नव्या रोख्यांना. पोवेच्या २०११ च्या रोख्यांत मुदतीआधी फेडण्याची सोय नव्हती.