तादेउश कांतोर यांच्या कलेतील विरूपता

पाश्चात्त्य कलाविचारातील ‘ग्रोटेस्क’ ह्या संज्ञेसाठी प्रस्तुत लेखात ‘विरूपता’ हा प्रतिशब्द योजिला आहे. पंधराव्या शतकाच्या अखेरीस रोम येथे सम्राट नीरोच्या प्रासादाची जमिनीखाली गाडली गेलेली दालने उजेडात आली. त्यांच्या भिंतींवर मनुष्य, पशू व वेली एकमेकांत मिसळून गेलेली चित्रे होती. गुहावाचक ‘ग्रोत्ता’ ह्या इटालियन शब्दावरून ह्या चित्रणास हे नाव पडले. जे परस्परांपासून भिन्न असावे असे आपण मानतो ते एकाच देहात दिसणे, हे विरूपतेचे मर्म होय. भरतमुनींनी विकृत वेष व अलंकार यांची गणना हास्यरसाच्या विभावांत केली आहे. विरूपतेत मात्र हास्य आणि भय एकाच वेळी उद्भवतात व त्यांपैकी एकही दुसऱ्यास नाहीसे करीत नाही.

पोलिश चित्रकार व नाट्यदिग्दर्शक तादेउश कांतोर (१९१५–१९९०) यांच्या कलेत ज्या दोन गोष्टी एकत्र येतात त्या म्हणजे सजीव मनुष्य आणि निर्जीव वस्तू. जर्मनव्याप्त क्राकूव्ह शहरात १९४४ साली त्यांनी ‘ओडिसियसचे पुनरागमन’ हे नाटक गुप्तपणे सादर केले. त्यांचा ओडिसियस पुराणातील वीराच्या वेषात नव्हे, तर जर्मन सैनिकाच्या वेषात परतला. मोडकी लाकडे, चिखलाने माखलेले चाक अशा टाकाऊ वस्तूंना तेथे नटांइतकेच महत्त्व होते. पुढे त्यांनी छत्र्या, पिशव्या व जुने कपडे चित्रफलकांवर चिकटविले. वस्तू गुंडाळून ठेवणे हीच एक कलाकृती मानली. ह्याच विचाराने १९६१ साली त्यांनी रंगभूमीवरील नटांना कपड्यांच्या कपाटात कोंबले. चित्र आणि नाट्य ही त्यांच्या लेखी दोन क्षेत्रे नव्हतीच.

ह्या साधनेचा परिपाक १९७५ मधील ‘मृत वर्ग’ ह्या प्रयोगात दिसतो. त्यात वृद्ध माणसे शाळेच्या जुन्या बाकांवर येऊन बसतात. आपापल्या बालपणाचे पुतळे त्यांनी अंगावर वाहून आणलेले असतात. प्रथम प्रेक्षकास हसू येते. परंतु मुलाचा पुतळा आणि त्याला वाहणारा म्हातारा यांत अधिक मृत कोण, असा प्रश्न पडताच ते हसू ओसरते. कांतोर स्वतः रंगमंचावर उपस्थित राहून हाताच्या खुणांनी नटांस सूचना देत. आंद्रेय वाय्दा यांनी हा प्रयोग चित्रपटबद्ध केल्यामुळे तो आजही अभ्यासता येतो.

अशी कला विक्षिप्त कल्पनाशक्तीचा खेळ आहे, असा आक्षेप संभवतो. परंतु कांतोर यांचे वडील आउश्वित्सच्या छळछावणीत मृत्यू पावले, हे विसरून चालणार नाही. ज्या युगाने मनुष्यास मोजण्याची, साठविण्याची व नष्ट करण्याची वस्तू बनविले, त्या युगाचे यथार्थ चित्र प्रमाणबद्ध देहांतून कसे उमटावे? त्यामुळे त्यांच्या विरूपतेला वास्तवाचा विपर्यास म्हणण्यापेक्षा वास्तवाची साक्ष म्हणणे अधिक युक्त ठरेल.

अखेरच्या नाटकाच्या तालमी चालू असता डिसेंबर १९९० मध्ये कांतोर निवर्तले. १९९१ साली नटांनी ते नाटक सादर केले, तेव्हा रंगमंचावरील त्यांची खुर्ची रिकामीच ठेवली होती.