गाडीत न मावणारा सूर

आपल्याकडच्या बहुतेक छोट्या गाड्या लांबीला चार मीटरच्या आत असतात. तेवढ्यात बसवली की कर कमी लागतो, म्हणून कंपन्या डिक्की छाटूनही गाडी त्या मापात आणतात. आता त्याच गाडीच्या म्युझिक सिस्टीममधला इक्वलायझर उघडा. डावीकडच्या पहिल्या-दुसऱ्या स्लायडरखाली ६० च्या आसपासचा एखादा आकडा दिसेल. ६० हर्ट्झ म्हणजे सेकंदाला ६० कंपनं. आवाज हवेतून सेकंदाला साधारण ३४३ मीटर जातो. भागाकार केला की या एका लहरीची लांबी निघते ५.७ मीटर. ढोलाच्या ठोक्याच्या तळाशी असलेला तो खोल सूर बंपरपासून बंपरपर्यंतच्या अख्ख्या गाडीपेक्षा लांब आहे. आणि तरी तो आत वाजतो. नुसता वाजत नाही, मोकळ्या दिवाणखान्यात वाजला असता त्याहून जोरात वाजतो.

गंमत अशी की, जागा अपुरी आहे म्हणूनच तो जोरात वाजतो. गाडीच्या आतली पोकळी लांबीला अडीच मीटरच्या आसपास धरली, तर तिच्यात निदान अर्धी लहर मावायला सूर ६९ हर्ट्झच्या वर हवा. त्याच्या खाली गेलं की लहर इकडून तिकडे धावण्याचा प्रश्नच उरत नाही. स्पीकरचा पडदा पुढे आला की आतली सगळी हवा एकदम दाबली जाते, मागे गेला की एकदम सैल होते, सायकलच्या पंपातल्या हवेसारखी. पोकळी पूर्ण बंद असेल, तर सूर एक सप्तक खाली उतरला की दाब १२ डेसिबलपर्यंत चढू शकतो. खऱ्या गाडीला फटी असतात, पत्रा आणि काचा थरथरतात, म्हणून चढ त्याहून कमी मिळतो. पण मिळतो नक्की. सिग्नलला काच खाली केली की बेस एकदम पातळ होतो, तो बराचसा यामुळेच.

म्हणजे सगळे स्लायडर शून्यावर ठेवले तरी गाणं जसं रेकॉर्ड झालं तसं तुमच्यापर्यंत पोचत नाही. तुम्ही बोट लावण्याआधीच गाडीने आपला इक्वलायझर फिरवून ठेवलेला असतो. पुढची काच उंच सूर परतवून तोंडावर फेकते, जाड सीट आणि कार्पेट तेच सूर गिळतात, दाराचा पत्रा आपल्या मर्जीच्या सुरावर झणझणतो. मागे तिघं बसली तर ऐकू येणारं गाणं पुन्हा बदलतं, कारण माणसं आणि त्यांचे कपडेही आवाज शोषतात. स्लायडरचं खरं काम गाडीने केलेली ही ढवळाढवळ निस्तरण्याचं आहे. गाण्याला नटवणं हे फार तर जोडकाम.

आणि काही ढवळाढवळ निस्तरताच येत नाही. चालक उजवीकडे बसतो. उजव्या दारातला स्पीकर त्याच्या गुडघ्याशी, डाव्या दारातला पलीकडे. या दोघांपासून कानापर्यंतच्या अंतरात अर्ध्या मीटरचा फरक आहे असं धरा. गायिकेचा आवाज सहसा दोन्ही स्पीकरमधून सारखाच येतो. आता ३४३ हर्ट्झचा सूर घ्या. त्याची लहर बरोबर एक मीटर लांब. डावीकडून येणारी लहर अर्धा मीटर, म्हणजे बरोबर अर्धी लहर, मागे पडते. उजवीकडची हवा दाबत असते तेव्हा डावीकडची सैल करत असते. दोघी एकमेकींना खोडतात आणि गायिकेच्या आवाजाच्या ऐन मध्यावर खड्डा पडतो. तो भरायला तुम्ही तिथला स्लायडर वर ढकलता, तेव्हा दोन्ही लहरी सारख्याच वाढतात आणि तेवढ्याच नेटाने एकमेकींना खोडतात. अ‍ॅम्प्लिफायर घाम गाळतो, खड्डा तिथेच. डोकं वीतभर डावीकडे नेलं तर मात्र खड्डाच दुसऱ्या सुरावर सरकतो. यावर उपाय इक्वलायझरमध्ये नाही. काही सिस्टीममध्ये टाइम अलाइनमेंट असतं, ते जवळच्या स्पीकरला एक-दीड मिलिसेकंद थांबवून ठेवतं. मग चालकाला गायिका डॅशबोर्डच्या मधोमध उभी राहून गातेय असं वाटतं. शेजारच्या सीटचं काम तेवढंच बिघडतं. एका गाडीत दोघांना एकाच वेळी अचूक ऐकवणं फार अवघड.

हे झालं गाडी उभी असताना. इंजिन चालू केलं की आणखी एक वाद्य सुरू होतं. चार सिलिंडरच्या फोर-स्ट्रोक इंजिनात दर फेऱ्याला दोन स्फोट होतात. ३,००० आरपीएमला सेकंदाला ५० फेरे, म्हणजे १०० स्फोट, म्हणजे १०० हर्ट्झ. हार्मोनियमवाल्यांच्या भाषेत, खालच्या सप्तकातल्या पांढरी पाचच्या अगदी शेजारी! तीन सिलिंडरचं इंजिन त्याच वेगाला ७५ हर्ट्झवर घुमतं. खंडाळ्याच्या घाटात गिअर बदलला की सूरही बदलतो. त्यात टायरची घरघर आणि वाऱ्याचा घोंगाट. या गोंगाटाचा मोठा भाग खालच्या सुरांमध्ये असतो, आणि खालचा गोंगाट स्वतःच्या पट्ट्याबरोबर वरचे नाजूक सूरही झाकून टाकतो. इलेक्ट्रिक गाडीत स्फोट नाहीत, टायर मात्र आहेतच. म्हणून पार्किंगमध्ये झकास जमवलेला बेस एक्स्प्रेसवेवर गायब होतो. दोन वेगळी सेटिंग्ज जतन करून ठेवणं यात काही चोचले नाहीत, ती गरज आहे.

आता कानाकडे वळू, कारण तोही सपाट नाही. १९३३ मध्ये अमेरिकेतल्या बेल प्रयोगशाळेत हार्वे फ्लेचर आणि वाइल्डन मन्सन यांनी माणसांना वेगवेगळ्या उंचीचे सूर ऐकवून 'कोणता किती मोठा वाटतो' हे मोजलं. त्यांचे आलेख पुढे सुधारले गेले. आजच्या मानकाप्रमाणे, १,००० हर्ट्झचा सूर ४० डेसिबलला जितका मोठा वाटतो, तितकाच ६३ हर्ट्झचा वाटायला हवा असेल तर तो सुमारे ७३ डेसिबलला वाजवावा लागतो. ३३ डेसिबलचा फरक म्हणजे ताकद जवळपास दोन हजार पट! आवाज मोठा केला की ही दरी कमी होते. त्यामुळे पोर झोपलंय म्हणून व्हॉल्यूम उतरवला, की तबला राहतो आणि डग्गा जातो. जुन्या डेकवरचं 'लाउडनेस' बटण नेमकं यासाठी होतं, हळू आवाजात बेस उचलून धरायला. आपण ते कायम दाबून ठेवत आलो, तो भाग वेगळा.

दुसऱ्या टोकाला कानाची नळी आहे. साधारण अडीच सेंटिमीटर लांब, एका बाजूने पडद्याने बंद. अशी नळी तीन-साडेतीन हजार हर्ट्झच्या आसपासचा आवाज स्वतःच फुगवते. या पट्ट्यात कान कमालीचा तिखट असतो. त्यामुळे त्या भागातला स्लायडर दोन घरं जास्त गेला तरी गाणं चिरकं होतं आणि तासाभरात डोकं धरतं. पण शब्दही तिथेच राहतात. स्वरांची ताकद मुख्यतः हजार हर्ट्झच्या खाली असते, तर क, च, ट, त यांची धार दोन-चार हजारांच्या पट्ट्यात आणि त्याच्या वर. स आणखी वर, पाच ते आठ हजारांत.

आणि इथेच आपल्याकडच्या सर्वांत लाडक्या सेटिंगचा घोळ होतो. दोन्ही टोकं वर, मधलं खाली, असा हसऱ्या तोंडाचा आकार जवळजवळ प्रत्येक दुसऱ्या गाडीत दिसतो. पहिली दहा मिनिटं झकपक वाटतो. पण भावगीत, अभंग, नाट्यपद यांचा जीव शब्दांत आणि गळ्यात, आणि तो सगळा आपण खाली ढकललेल्या मधल्या पट्ट्यात. ढोल आणि झांजा राहतात, मधला गायक भिंतीपलीकडे जातो. क्लबमधल्या संगीताला ही रचना चालत असेल. भीमसेन जोशींना ती लावणं हा अपराध आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

मग खर्ज कसा मिळवायचा? इथे कान एक अजब उपकार करतो. काळी एकमध्ये लावलेल्या पुरुषी तंबोऱ्याची खर्जाची तार साधारण ६९ हर्ट्झवर बोलते. पण जवारी नीट लागली असेल तर त्या तारेतून १३९, २०८, २७७ असे वरचे अंशस्वर भरभरून निघतात. मोबाइलच्या टिचभर स्पीकरमधून ६९ हर्ट्झ निघत नाही. तरीही तंबोरा तंबोऱ्याच्याच पट्टीत ऐकू येतो. का? वरच्या सगळ्या अंशस्वरांमधलं अंतर ६९ चं आहे हे मेंदूला कळतं आणि गैरहजर असलेला मूळ सूर तो स्वतः हजर करतो. जुना टेलिफोन ३०० हर्ट्झच्या खालचं काहीच पाठवत नसे. पुरुषाच्या बोलण्याचा मूळ सूर असतो शंभर-सव्वाशे हर्ट्झचा. तरी फोनवर काकांचा आवाज काकांचाच वाटायचा.

अंशस्वरांच्या या शिस्तीवर सी. व्ही. रामन यांचाही जीव जडला होता. साधा ताणलेला पडदा बेशिस्त असतो, त्याचे वरचे सूर मूळ सुराच्या पटीत येत नाहीत, म्हणून बहुतेक चर्मवाद्यांना नेमका सूर नसतो. तबल्यावरच्या शाईच्या वजनामुळे ते पटीत येतात, हे रामन आणि शिवकाली कुमार यांनी १९२० मध्ये 'नेचर'मध्ये मांडलं. नंतरच्या वर्षी रामन तंबोरा आणि वीणेच्या जवारीकडे वळले.

याचा स्लायडरशी थेट संबंध आहे. दारातल्या साडेसहा इंची स्पीकरला ६० हर्ट्झ झेपत नसेल, तर तो स्लायडर वर नेऊन फक्त दार खडखडतं. त्याऐवजी १२५ आणि २५० जवळचे अंशस्वर स्वच्छ आणि मोकळे येऊ द्या, खर्ज मेंदू भरून काढेल. मोकळे म्हणजे वाढवलेले नव्हेत, बरं का. २५० चा पट्टा बहुतेक गाड्यांत आधीच घुमत असतो.

वर ढकलण्याची किंमतही मोजून पाहण्यासारखी आहे. स्लायडर ६ डेसिबल वर म्हणजे त्या पट्ट्यात चौपट ताकद, १२ डेसिबल म्हणजे जवळपास सोळापट. आणि ताकद असते किती? डेकच्या खोक्यावर '५० वॅट × ४' छापलेलं असतं. इंजिन चालू असताना गाडीतून १४.४ व्होल्ट मिळतात असं धरा, स्पीकर ४ ओहमचा. एवढ्या व्होल्टेजवर स्वच्छ सूर जास्तीत जास्त सुमारे २६ वॅटचा निघू शकतो, आणि प्रत्यक्षात त्याहूनही कमी. मग ते ५० आले कुठून? आवाज इतका फाडला की गोल लहरीची चौकोनी झाली, तर गणित येतं ५१.८ वॅट. खोक्यावरचा आकडा फाटलेल्या आवाजाचा आहे! तेव्हा पूर्ण व्हॉल्यूमवर वाजणाऱ्या गाण्यात बेस १२ डेसिबल चढवला, तर नवीन बेस येण्याऐवजी फाटणंच येतं.

म्हणून स्लायडर आधी खाली ओढायचे. गाडी उभी करा, काचा वर, इंजिन बंद, लाउडनेस आणि तयार 'रॉक', 'पॉप' वगैरे सगळं बंद, सगळं शून्यावर. तोंडपाठ असलेलं एखादं गाणं लावा, शक्यतो कमी वाद्यांचं. आता एकेक स्लायडर मुद्दाम बराच वर न्या. एखाद्या ठिकाणी आवाज विद्रूप होईल, घुमेल किंवा डब्यातून आल्यासारखा वाटेल. बहुधा तोच पट्टा गाडी फुगवत असते. तो शून्याच्या खाली दोन-तीन घरं आणून पुन्हा ऐका. बेसचा घुमारा बहुतेकदा १२५ ते २५० मध्ये सापडतो, 'स' टोचत असेल तर पाच ते आठ हजारांत. सगळं उतरवून आवाज बारीक झाला तर व्हॉल्यूम वाढवा, त्यासाठीच ते बटण आहे. घाई मात्र नको. कान दहा-पंधरा मिनिटांत वाईट आवाजालाही सरावतो आणि मग काहीही बरंच वाटतं. दुसऱ्या दिवशी ताज्या कानांनी पुन्हा ऐका. एक डेसिबलचा फरक जेमतेम जाणवतो, त्यामुळे अर्ध्या घरासाठी झुरण्यात अर्थ नाही. आणि गाडी चालवताना यातलं काहीच करायचं नाही.

राहिला शेवटचा स्लायडर, १६ हजारांचा. एफएमवर आवाज १५ हजार हर्ट्झपर्यंतच पाठवतात, कारण १९ हजारांवर स्टिरिओ ओळखण्याचा एक खुणेचा सूर बसवलेला असतो. तेव्हा रेडिओ ऐकताना हा स्लायडर चढवून हाती येते ती खरखर. १९२५ च्या आधीच्या, भोंग्यासमोर गाऊन केलेल्या ध्वनिमुद्रिकांवर तर त्याच्या जवळपासचंही काही नाही. चांगल्या डिजिटल रेकॉर्डिंगमध्ये तिथे थोडं काही असतं, पण वयाबरोबर माणसाचा कान वरच्या टोकाकडूनच बोथट होत जातो आणि पन्नाशीतल्या बहुतेकांना १६ हजारांचा सूर ऐकूच येत नाही. तो स्लायडर लावायचाच असेल तर मागच्या सीटवरच्या दहा-बारा वर्षांच्या पोराला विचारा. बऱ्याच गाड्यांमध्ये तो सूर ऐकू येणारं तेवढं एकच माणूस बसलेलं असतं.